गोरेपणाची सनद

गोव्याच्या डिचोली, पेडणे, सत्तरी या भागांतली जुनी माणसे पोर्तुगीज माणसाला ‘पाखलो’ म्हणत आली. मराठी दप्तरांत त्याच माणसाला ‘फिरंगी’ म्हटलेले आढळते. अठराव्या शतकाच्या आरंभी लिहिलेल्या रामचंद्रपंत अमात्यांच्या ‘आज्ञापत्रा’त फिरंगी, इंग्रज, वलंदेज, फरासीस, डिंगमार अशा सगळ्या युरोपीयांना मिळून एक नाव आहे : ‘टोपीकर’. हा शब्द जरा थांबून पाहण्यासारखा आहे. स्वराज्याच्या अमात्याला परदेशी माणसाची प्रथम जाणवलेली खूण म्हणजे त्याच्या डोक्यावरची टोपी. हे लोक व्यापारी म्हणून येतात, पाय रोवतात, यांना किल्ला बांधू देऊ नये, समुद्रकाठी जागा देऊ नये, असा सावध सल्ला अमात्य देतात. पण त्यांच्या कातडीच्या रंगाला ते राजकारणात स्थान देत नाहीत. आपल्या पूर्वजांना रंग दिसत नव्हता असे मुळीच नाही. गोरा, निमगोरा, सावळा हे भेद आपल्या भाषेत जुनेच आहेत, आणि ज्या पंढरीच्या राण्यापुढे मराठी माणूस सातशे वर्षे नतमस्तक होतो तोही सावळाच आहे. मात्र गोरा तो राज्यकर्ता आणि काळा ती रयत, हे समीकरण त्या कागदांत नाही.

मग टोपीची कातडी केव्हा झाली? ‘गोरा’ हे विशेषण केव्हा आणि कसे अधिकारपद झाले? वर्णद्वेषाचा इतिहास आपण बहुधा दक्षिण आफ्रिका आणि अमेरिका यांच्या संदर्भात वाचतो. शाळेच्या पुस्तकातही तो तिथूनच सुरू होतो. वास्तविक या इतिहासातली काही फार जुनी पाने आपल्या मांडवीच्या काठीच लिहिली गेली आहेत. आमोण्यापासून नार्वे फार दूर नाही, आणि नार्व्याच्या धक्क्यावरून पैलतीरी दिसते ते दिवाड बेट. १५१० पासून दिवाड पोर्तुगिजांचे. अलीकडची डिचोली मात्र १७८१-८२ पर्यंत प्रथम आदिलशाहीची, मग मराठ्यांची आणि सावंतवाडीकर भोसल्यांची. पुढे १७८८ पर्यंत पेडणेही पोर्तुगीज अंमलाखाली गेले. तोपर्यंत ही नदी दोन राज्यांची सीमा होती. सीमेवर राहणाऱ्याला पलीकडचा कारभार जरा स्पष्ट दिसतो, हे आपल्या या वार्षिकाच्या वाचकाला वेगळे सांगायला नको.

आल्बुकर्कची लग्ने

२५ नोव्हेंबर १५१० रोजी आफोंसो द आल्बुकर्कने गोवा शहर दुसऱ्यांदा आणि कायमचे जिंकले. त्याच्यापुढे एक व्यवहारी अडचण होती. पोर्तुगाल हा लहानसा देश, वाटेवर पुष्कळ माणसे रोगाने मरत, आणि स्त्रिया जवळजवळ येतच नसत. तेव्हा आपल्या शिपायांनी इथल्या बायकांशी लग्ने करून इथेच घर करावे, असे धोरण त्याने आखले. अशा विवाहित, वसलेल्या पोर्तुगिजाला ‘काझाद’ म्हणत. या धोरणावरून पुढे पोर्तुगिजांच्या रंगनिरपेक्षतेचे पुष्कळ गोडवे गायिले गेले. परंतु आल्बुकर्कने राजाला लिहिलेली पत्रे उपलब्ध आहेत. बाटवलेल्या, उजळ वर्णाच्या मुसलमान स्त्रियांशी लग्न करण्यास त्याचे उत्तेजन होते. मलबारच्या काळ्या स्त्रियांशी आपल्या माणसांनी लग्न करावे हे त्याला पसंत नव्हते. पहिल्या दिवसापासून रंगाचा हिशेब चालू होता, तो असा.

दोन-तीन पिढ्यांत या लग्नांतून एक नवा समाज उभा राहिला आणि त्याबरोबर एक शिडीही. सर्वांत वरच्या पायरीवर ‘रेनॉल’, म्हणजे प्रत्यक्ष पोर्तुगालात जन्मलेला. त्याखाली ‘काश्तीस’, म्हणजे आईबाप दोघेही पोर्तुगीज पण जन्म हिंदुस्थानातला. त्याखाली ‘मेस्तीस’, म्हणजे मिश्र रक्ताचा. त्याखाली बाटलेला देशी माणूस. त्याला ‘कानारी’ म्हणत, आणि हा शब्द लवकरच शिवीसारखा वापरला जाऊ लागला. सर्वांत खाली आफ्रिकेतून विकत आणलेला गुलाम. त्याची आठवण आपल्या बोलीतल्या ‘खाप्री’ या शब्दात राहिली आहे. यांपैकी काही गुलाम जिवावर उदार होऊन घाट चढून पळाले. हल्याळ, यल्लापूर भागातले सिद्दी हे काही अंशी त्यांचेच वंशज. त्यांना अनुसूचित जमातींत स्थान मिळायला २००३ साल उजाडावे लागले.

१५८३ ते १५८८ या काळात गोव्यात राहिलेला डच प्रवासी लिन्शोटेन एक मजेदार निरीक्षण नोंदवतो. तिसऱ्या पिढीपर्यंत या पोर्तुगीज वंशजांचा रंग व चेहरा इथल्या लोकांसारखाच होतो, असे तो लिहितो. तरीही ते स्वतःला गोरेच म्हणवीत. १६३५ मध्ये आंतोनियु बोकारु या सरकारी इतिहासकाराने पूर्वेकडील किल्ल्यांचा मोठा ग्रंथ तयार केला. त्यात ठिकठिकाणच्या काझादांची संख्या दोन रकान्यांत दिली आहे : ‘गोरे काझाद’ आणि ‘काळे काझाद’. गोऱ्यांच्या रकान्यात केवळ अस्सल पोर्तुगीजच नव्हते. ज्याच्या नावात, घराण्यात, पोशाखात पोर्तुगीजपण मान्य झाले होते असे मिश्र वंशाचे लोकही त्यात बसत. सीमाभागातल्या माणसाला रकान्याची ताकद माहीत असते. आपण काय आहोत हे पुष्कळदा नोंद करणाऱ्या कारकुनाच्या लेखणीवर ठरते.

आणखी एक नोंद तर चक्रावून टाकणारी आहे. सोळाव्या शतकात जेझुइटांच्या पूर्वेकडील कार्याचा प्रमुख आलेस्सांद्रो वालिन्यानो याने आपल्या अहवालांत हिंदुस्थानातल्या सावळ्या लोकांना बुद्धीने आणि शीलाने हीन ठरवले. त्याच लेखणीने त्याने जपानी आणि चिनी लोकांची गणना ‘गोऱ्या’ लोकांत केली. जपानी माणसाची कातडी तेव्हा वेगळी होती काय? तसे काहीच नव्हते. जपान पोर्तुगिजांच्या ताब्यात नव्हता, त्याचे सरदार बलाढ्य होते, त्यांच्याशी बरोबरीने बोलावे लागे. ज्याच्याशी बरोबरीने बोलावे लागते तो गोरा, आणि ज्याला हुकूम सोडता येतो तो काळा, असा हा व्यवहार होता.

दुधाने बाटलेले रक्त

या शिडीला शास्त्राचा आधार कुठून मिळाला हे पाहण्यासाठी क्षणभर युरोपात जायला हवे. १४४९ मध्ये स्पेनमधील तोलेदो शहरात एक नियम झाला. ज्यांच्या पूर्वजांत ज्यू होते, अशा ख्रिस्ती माणसांना नगरातल्या अधिकारपदांवरून दूर करण्यात आले. बाप्तिस्मा घेतला तरी रक्त बदलत नाही, हे त्यामागचे तत्त्व. ख्रिस्ती धर्माच्या मूळ शिकवणीला ते सरळ छेद देणारे होते. यालाच ‘रक्ताची शुद्धता’ म्हणत. ही कल्पना स्पेन-पोर्तुगालभर पसरली आणि गलबतात बसून गोव्याला आली. इथे ज्यूच्या जागी हिंदुस्थानी माणूस आला. आम्ही तुम्हाला ख्रिस्ती करू, पण ख्रिस्ती झालात तरी आमच्यासारखे होणार नाही, असा त्याचा अर्थ. फ्रान्सिस्कन, डॉमिनिकन, जेझुइट या संघांनी देशी माणसाला आपल्यात घेण्याचे दार बंद ठेवले. जेझुइटांनी १५७५ मध्ये पेरु लुईश या कोल्लमच्या ब्राह्मणाला घेतले, तो अपवादच ठरला.

बरे, शुद्धतेची रेषा एकदा आखली की ती कुठे थांबते? ती थांबत नाही. सतराव्या शतकात फ्रान्सिस्कन संघात रेनॉल आणि हिंदुस्थानात जन्मलेले गोरे यांच्यात अधिकारपदांवरून कडाक्याचे भांडण जुंपले. रेनॉलांचे म्हणणे असे, की यांचे आईबाप शुद्ध गोरे असतील, पण लहानपणी यांना देशी दायांनी अंगावर पाजले आहे. त्या दुधाने यांचे रक्त जन्माचे बाटले. दुधाने जात जाते हा युक्तिवाद आपल्या कानांना फारसा अनोळखी वाटू नये! या आरोपाला उत्तर द्यायला फ्राय मिगेल द पुरिफिकासाँव हा साधू युरोपात गेला. त्याचा जन्म तारापूरचा, म्हणजे आजच्या महाराष्ट्राच्या पालघर जिल्ह्यातला. हिंदुस्थानात जन्मलेल्या पोर्तुगिजांच्या बचावाचा त्याचा ग्रंथ १६४० मध्ये बार्सिलोनात छापला गेला. त्याचा सगळा भर कशावर? आम्हीही तितकेच गोरे आहोत, काळे ते इथले लोक, यावर. ज्या काठीने त्याला मारले, तीच काठी त्याने आपल्या खालच्या पायरीवर उगारली. ही गोष्ट लक्षात ठेवावी, कारण पुढे ती पुनःपुन्हा भेटणार आहे.

डिचोलीचा बिशप

आता नदी ओलांडून डिचोलीत येऊ. दिवाड बेटावर एका ख्रिस्ती झालेल्या ब्राह्मण कुटुंबात सोळाव्या शतकाच्या अखेरीस किंवा सतराव्याच्या आरंभी मातेउश द काश्त्रु जन्मला. बार्देशातल्या रेइश मागुशच्या विद्यालयात तो शिकला. पाद्री व्हायची त्याची इच्छा होती, पण गोव्याच्या आर्चबिशपने त्याला दीक्षा देण्याचे नाकारले. मुलगा जिद्दीचा. तो खुष्कीच्या मार्गाने निघाला आणि १६२५ मध्ये रोमला पोहोचला. त्या वेळी रोममध्ये पोपने धर्मप्रसारासाठी एक स्वतंत्र खाते नुकतेच, १६२२ मध्ये, स्थापन केले होते आणि पोर्तुगीज राजाची मक्तेदारी मोडायची त्या खात्याचीही इच्छा होती. मातेउश तिथे शिकला, पाद्री झाला. गोव्यात परत आला तर इथल्या अधिकाऱ्यांनी त्याला काम करू दिले नाही. तो पुन्हा रोमला गेला. १६३७ मध्ये त्याला बिशपपदाची दीक्षा मिळाली आणि आदिलशाही मुलखाचा पोपचा प्रतिनिधी म्हणून त्याची नेमणूक झाली. हिंदुस्थानी माणसाने लॅटिन चर्चमध्ये बिशप व्हावे, ही त्या काळी अघटित घटना होती.

पोर्तुगीज हद्दीत त्याला थारा नव्हता. म्हणून त्याने बिऱ्हाड मांडले ते नदीच्या अलीकडे, आदिलशाही डिचोलीत. देवाच्या बाबतीतही असेच घडले होते. दिवाडचा सप्तकोटेश्वर पोर्तुगिजांच्या छळामुळे नदी ओलांडून नार्व्याला आला, आणि १६६८ मध्ये शिवछत्रपतींनी त्याच्या देवळाचा जीर्णोद्धार केला. त्याच दिवाडचा ख्रिस्ती बिशपही त्याच नदीपलीकडे आसऱ्याला यावा, यात केवढे सत्य आहे! देवळाचा छळ धर्माच्या नावाने झाला असे आपण म्हणतो, आणि ते खरेच आहे. पण ज्याने त्यांचा धर्म मनापासून स्वीकारला होता, त्यांची विद्या आत्मसात केली होती, प्रत्यक्ष पोपचे पत्र ज्याच्या खिशात होते, त्यालाही त्या तीरावर जागा नव्हती. आफोंसु मेन्देश या वरिष्ठ जेझुइट धर्माधिकाऱ्याने आपल्या पत्रव्यवहारात त्याची संभावना काळ्या, उघड्या कुल्ल्यांचा माणूस अशी केली. धर्म एक झाला, तरी कातडी आड आली.

डिचोलीत मातेउशने देशी तरुणांना पाद्रीपदाची दीक्षा दिली. गोव्यातल्या अधिकाऱ्यांनी त्या दीक्षा अमान्य केल्या. १६५३ मध्ये त्याने ‘ब्राह्मणांचा आरसा’ या अर्थाच्या नावाचे एक जळजळीत पत्रक लिहिले आणि पोर्तुगिजांविरुद्ध उठण्याचे आपल्या ज्ञातीला आवाहन केले. पुढच्याच वर्षी आदिलशाही फौजेने गोव्यावर स्वारी केली. त्यात त्याचा हात असल्याचा पोर्तुगिजांचा आरोप होता. १६५८ च्या सुमारास तो पुन्हा रोमला गेला आणि तिथेच त्याने उरलेले आयुष्य काढले. पोर्तुगीज सत्तेला तिच्याच धर्माच्या आधारे ‘तुम्ही हा भेद कोणत्या न्यायाने करता?’ असा प्रश्न विचारणाऱ्या पहिल्या आशियाई माणसांत त्याची गणना करावी लागेल, आणि तो प्रश्न त्याने आपल्या डिचोलीत बसून विचारला.

आरशात दिसलेले दुसरे तोंड

परंतु त्या पत्रकाच्या नावाकडे पुन्हा पाहावे. आवाहन कोणाला? ब्राह्मणांना. मातेउशची तक्रार अशी होती, की आमच्यासारख्या कुलवंतांना तुम्ही हीन लेखता. त्याच्या पश्चात हाच सूर वाढत गेला. १७०२ मध्ये आंतोनियु जुआँव द फ्रियश या ब्राह्मण पाद्र्याने ग्रंथ लिहून आपल्या ज्ञातीचे कुलीनत्व सिद्ध केले. बाळ येशूच्या दर्शनाला गेलेल्या राजांपर्यंत त्याने आपली वंशावळ नेऊन भिडवली. १७१३ मध्ये लेओनार्दु पाइश या चारडो, म्हणजे क्षत्रिय म्हणवणाऱ्या, पाद्र्याने दुसरा ग्रंथ लिहून खरे कुलीन आपणच असल्याचे प्रतिपादन केले. गोव्यातल्या देशी पाद्र्यांच्या ओराटोरियन संघात ब्राह्मणांखेरीज कोणाला प्रवेश नव्हता. मग चारडोंनी चिंबल येथे आपला वेगळा संघ काढला. गौड्या-गावड्यांसाठी आणि महारांसाठी कोणी ग्रंथ लिहिला नाही.

इथे या सगळ्या प्रकरणाची गुरुकिल्ली आहे असे मला वाटते. पोर्तुगिजांनी आपल्या जातींना ‘काश्त’ हा त्यांच्या भाषेतला शब्द लावला. त्याचा अर्थ वंश, बीज, अवलाद. त्याच शब्दापासून शुद्ध बीजाच्या गोऱ्याला ‘काश्तीस’ हे नाव मिळाले, आणि त्याच शब्दावरून इंग्रजीने आपल्या जातिसंस्थेचे नाव घेतले. रक्ताची शुद्धता मानणारे दोन समाज एकमेकांना भेटले आणि त्यांनी एकमेकांची भाषा चटकन ओळखली. बाटलेल्या ब्राह्मणाला नव्या धर्मातही आपली पंगत वेगळी ठेवता आली, आणि गोऱ्यालाही आपली पायरी वेगळी ठेवता आली. दोघांचे सोवळे एकमेकांना आधार देत राहिले. अपमान झालेल्या माणसाने कुंपण मोडा असे म्हणायचे, ते राहिले बाजूला. मला आत घ्या, माझ्याजवळही सनद आहे, एवढेच तो म्हणत राहिला.

कायदा आला, हुद्दे नाही आले

१७६१ च्या एप्रिलमध्ये पोर्तुगालचा कर्तबगार मंत्री पोंबाल याने एक फर्मान काढले. पूर्वेकडील बाप्तिस्मा घेतलेले प्रजाजन आणि पोर्तुगालात जन्मलेले प्रजाजन यांचे हक्क समान राहतील. त्यांना ‘काळा’, ‘मेस्तीस’ वगैरे अपमानकारक नावांनी हाक मारणाऱ्याला शिक्षा होईल. फर्मान उत्तम होते, जरी ते फक्त ख्रिस्ती प्रजेपुरते होते. हिंदूंना नागरी समानतेसाठी १९१० च्या पोर्तुगीज प्रजासत्ताकाची वाट पाहावी लागली. पण गोव्यातल्या गोऱ्या अधिकाऱ्यांनी हे फर्मान शक्य तितके दाबून ठेवले, इतके की १७७४ मध्ये लिस्बनला तीच ताकीद पुन्हा द्यावी लागली. कारण उघड आहे. रेनॉल आणि त्यांचे वंशज यांची चूल हुद्द्यांवर चालत होती. पगार, बढती, पल्टणीतली जागा, चर्चमधले पद हे सारे त्या एका विशेषणावर अवलंबून होते. गोरेपणाचा अभिमान ही मनातली भावना म्हणून पुसता आली असती. उत्पन्नाची बाब झाल्यावर ती सहजासहजी कोण सोडतो?

याच काळात कायतानु फ्रांसिश्कु कोउतु आणि जुझे आंतोनियु गोंसाल्विश हे दोन गोमंतकीय पाद्री लिस्बनला गेले. विद्वत्ता असूनही बिशपपद मिळाले नाही, रिकाम्या हातांनी परतावे लागले. इकडे लष्करातले देशी अधिकारीही बढती डावलली गेल्यामुळे धुमसत होते. त्यातून १७८७ चा कट शिजला. कांदोळीच्या पिंतु घराण्यावरून तो ‘पिंतुंचे बंड’ म्हणून ओळखला जातो. कट फुटला. सत्तेचाळीस जणांना पकडण्यात आले, त्यांत सतरा पाद्री होते. पंधरा जणांना १७८८ च्या डिसेंबरात पणजीत फाशी देऊन त्यांच्या देहाचे तुकडे करण्यात आले. संमोहनविद्येचा जगप्रसिद्ध अभ्यासक आबे फारिया याचे वडील या मंडळींच्या वर्तुळातलेच.

पुढचा अंक १८३५ चा. पोर्तुगालमधील उदारमतवादी सरकारने नेवऱ्याच्या बेर्नार्दु पेरिश द सिल्व्ह या गोमंतकीयाची गोव्याचा प्रमुख म्हणून नेमणूक केली. १४ जानेवारीला त्याने कारभार हाती घेतला आणि १ फेब्रुवारीला लष्कराने उठाव करून त्याला पदच्युत केले. गोमंतकीय माणूस जेमतेम सतरा-अठरा दिवस खुर्चीवर टिकला. हा उठाव करणाऱ्यांचा कणा होता पोर्तुगीज वंशज अधिकाऱ्यांचा. हे बहुतेक गोव्यातच जन्मलेले, पिढ्यान्‌पिढ्या गोव्याचेच अन्न खाल्लेले; पण काळ्या माणसाचा हुकूम मानायचा हे त्यांना मृत्यूहून वाईट वाटले. मुंबईला गेलेल्या पेरिशने परत येण्याचा प्रयत्न केला. त्यात पेडण्याच्या तेरेखोल किल्ल्यावर त्याच्या पक्षाच्या शिबंदीची निर्दय कत्तल झाली. आज तेरेखोलला सहलीला जाणाऱ्यांनी समुद्राबरोबर ही आठवणही पाहून यावी.

या वंशजांचे पुढे काय झाले, हे समजून घेण्यासारखे आहे. १८७१ मध्ये लष्करी असंतोषाला कंटाळून लिस्बनने गोव्याचे लष्करच बरखास्त केले. पल्टण गेली, पगार गेला, आणि ज्या गोरेपणासाठी त्यांनी रक्त सांडले होते ते पाहता पाहता निरुपयोगी झाले. कातडीचा रंग तर होता तसाच होता. मग गोरेपण कुठे गेले? सरकारी शिक्का उठला, आणि त्याबरोबर ते गेले.

अमेरिकेच्या न्यायालयात

हा अनुभव एकट्या गोव्याचा समजू नये. इंग्रजांच्या अमेरिकेतल्या व्हर्जिनिया वसाहतीत १६९१ मध्ये गोऱ्यांनी निग्रो व रेड इंडियनांशी लग्न करण्याला कायद्याने बंदी झाली. १७९५ मध्ये जर्मन शरीरशास्त्रज्ञ ब्लुमेनबाख याने एका जॉर्जियन स्त्रीच्या सुडौल कवटीवर मोहित होऊन गोऱ्या लोकांना ‘कॉकेशियन’ हे नाव दिले. अमेरिकेत १७९० पासून परदेशी माणसाला नागरिकत्व मिळण्यासाठी तो ‘गोरा’ असणे आवश्यक होते. १९१० मध्ये मुंबईचे पारशी भिकाजी बलसारा यांना न्यायालयाने गोरे मानले. १९२२ मध्ये ताकाओ ओझावा या जपान्याला नागरिकत्व नाकारले. त्याची कातडी कितीही उजळ असो, तो कॉकेशियन नाही, म्हणून गोरा नाही. अवघ्या तीन महिन्यांनी, १९२३ मध्ये, पहिल्या महायुद्धात अमेरिकन सैन्यात नोकरी केलेल्या भगतसिंग थिंद या शीख तरुणाचे प्रकरण त्याच न्यायालयापुढे आले. शास्त्राप्रमाणे पंजाबी माणूस कॉकेशियन ठरत होता. तेव्हा न्यायालय म्हणाले, शास्त्र काहीही म्हणो, सामान्य अमेरिकन माणूस त्याला गोरा समजत नाही, म्हणून तो गोरा नाही! वालिन्यानोने जपान्यांना गोरे म्हटले, अमेरिकेने काळे-पिवळे म्हटले. नियम बदलला, पण नियम करणारा तोच राहिला.

थिंद यांचे वकील होते सखाराम गणेश पंडित. थिंद यांच्या बाजूने मांडलेल्या युक्तिवादात एक मुद्दा असा होता, की उच्चवर्णीय हिंदू खालच्या, आदिवासी लोकांशी विवाह करीत नाही, अमेरिकन गोरा निग्रोकडे जसा पाहतो तसाच तो त्यांच्याकडे पाहतो, म्हणून त्याचे रक्त शुद्ध. सव्वादोनशे वर्षांपूर्वी गोव्याच्या पाद्र्याने जो कागद पुढे केला, तोच कॅलिफोर्नियाच्या वकिलाने पुढे केला. दोघेही विद्वान, दोघेही अन्यायाचे बळी, आणि दोघांनाही आपल्या खालच्या माणसाला पायदळी ठेवूनच वर चढता येईल असे वाटले. खटला हरला. पुढे खुद्द पंडितांचे नागरिकत्व काढून घेण्याचा सरकारने घाट घातला, तो मात्र त्यांनी १९२६ मध्ये हाणून पाडला.

मुळाशी पोहोचलेले

मुळावर बोट ठेवणारेही आपल्यात झाले. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ लिहिली आणि ती निग्रोंना दास्यातून मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना अर्पण केली. पुण्याच्या शूद्रातिशूद्रांचे दुःख आणि मिसिसिपीकाठच्या गुलामाचे दुःख एका जातीचे आहे, हे त्यांनी एका अर्पणपत्रिकेत सांगितले. त्याआधी १८६६ मध्ये पोर्तुगीज संसदेतले गोमंतकीय सभासद फ्रांसिश्कु लुईश गोमिश यांनी ‘ब्राह्मण’ नावाची पोर्तुगीज कादंबरी लिहिली. तिच्यात हिंदुस्थानातल्या ब्राह्मणाबरोबर युरोपच्या गोऱ्याचाही वर्णाभिमान त्यांनी एकाच तागडीत तोलला. १९४६ मध्ये डॉ. आंबेडकरांनी अमेरिकेतील निग्रोंचे नेते व विद्वान डू बॉइस यांना पत्र लिहून अस्पृश्यांचा आणि निग्रोंचा प्रश्न किती सारखा आहे हे कळवले. या तिघांपैकी कोणीही ‘आम्हालाही गोऱ्यांत घ्या’ असे म्हटले नाही.

पोर्तुगीज राजवटीने मात्र शेवटपर्यंत आपण रंग मानतच नाही असा दावा केला. १९५१ मध्ये ब्राझीलचे समाजशास्त्रज्ञ जिल्बेर्तु फ्रेयरी गोव्यात येऊन गेले आणि पोर्तुगीज माणूस उष्ण देशांतल्या लोकांत सहज मिसळतो या त्यांच्या सिद्धान्ताचा सालाझार सरकारने भरपूर वापर केला. त्याच सरकारने पाठवलेले भूगोलतज्ज्ञ ओर्लांदु रिबैरु १९५६ मध्ये गोवा पाहून गेले. त्यांनी सालाझारला गुप्त अहवाल दिला, की गोवा पोर्तुगीज नाही, मिश्रवंशीय मूठभर आहेत, आणि लोकांची पोर्तुगालशी जवळीक नाही. हा अहवाल छापून लोकांपुढे यायला १९९९ साल उजाडले.

१९ डिसेंबर १९६१ रोजी ते राज्य गेले. सनद देणारा गेला. तरी सनद हवीशी वाटणे गेले आहे काय? रविवारच्या वर्तमानपत्रातील वधूवर-सूचक जाहिराती उघडाव्यात. पोटजात आणि ‘गोरी, सुस्वरूप’ हे शब्द शेजारी शेजारी बसलेले दिसतील. काश्त आणि रंग यांची चारशे वर्षांची सोयरीक तिथे अजून नांदते आहे. सीमेवरच्या आपल्या घरांत मुले दोन-दोन, तीन-तीन भाषा बोलत वाढतात. एकाच माणसाची दोन नावे, दोन नोंदी, दोन गावे असू शकतात, हे त्यांना उपजत कळते. अशा मुलांना ‘शुद्ध’ या शब्दाचा संशय घ्यायला शिकवणे फार अवघड जाऊ नये. आपल्यावर अन्याय झाला तर त्याविरुद्ध जरूर उभे राहावे. पण उभे राहताना आपल्या हातात कोणाची सनद आहे, आणि तिच्या मागच्या बाजूला कोणाचे नाव खोडलेले आहे, हे एकदा उलटून पाहावे. दिवाडहून डिचोलीला आलेल्या त्या बिशपाच्या वाट्याला ती संधी आली होती. ती त्याच्या हातून निसटली. आपल्या हातून ती निसटू नये.